चुंबक चिकटला म्हणजे स्टील नकली?

‘स्टेनलेस स्टीलला चुंबक चिकटला तर ते नकली, गंजणारच,’ हा निरोप वर्षानुवर्षं फिरतो आहे. ही कसोटी चुकीची आहे.

गंज रोखतं ते क्रोमियम. ते किमान 10.5 टक्के असलं की हवेतल्या ऑक्सिजनशी मिळून पृष्ठभागावर न दिसणारा थर धरतं. ओरखडा पडला तरी थर पुन्हा धरतो. चुंबक चिकटणं मात्र धातूच्या आतल्या रचनेवर ठरतं, आणि पुरेसं निकेल असलं की ती रचना अशी बदलते की चुंबक चिकटत नाही. म्हणून जवळपास निकेल नसलेल्या 430 प्रतीला (स्टीलच्या ग्रेडचा क्रमांक) चुंबक चिकटतो, तरी ती अस्सल स्टेनलेस. उलट 202 मध्ये निकेल कमी, पण त्याचं काम मँगेनीज करतं, म्हणून तिला तो सहसा चिकटत नाही; तरी ती जास्त निकेलच्या, नेहमीच्या वापरातल्या 304 प्रतीपेक्षा लवकर गंजते. ग्राहक फसतो तो इथेच.

घरी पडताळा घ्या. 304 च्या सिंकच्या सपाट भागाला चुंबक लावा, मग वळवलेल्या कोपऱ्याला. कोपऱ्यात किंचित ओढ जाणवू शकते, कारण पत्रा वाकवताना रचना थोडी बदलते. स्टील तेच.

नवी मुंबईत वाशी-ऐरोलीला खाडीची खारी हवा. मिठातलं क्लोराइड तो थर ठिकठिकाणी फोडतं. बाल्कनीच्या रेलिंगला शक्य तर 316 प्रत घ्या, तिच्यातलं मॉलिब्डेनम क्लोराइडला तोंड देतं, प्रत बिलावर लिहून घ्या आणि अधूनमधून गोड्या पाण्याने पुसा. लोखंडी तारेची घासणी नकोच. तिचे कण अडकून गंजतात.