केशवराव भोसले नाट्यगृह, म्हणजे आधीचं पॅलेस थिएटर

८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री कोल्हापूरचं केशवराव भोसले नाट्यगृह जळालं तेव्हा खूप जणांनी एकच गोष्ट बोलून दाखवली, की ज्या गायक-नटाचं नाव त्याला दिलंय, त्या केशवरावांची दुसऱ्या दिवशी जयंती होती. ९ ऑगस्ट १८९० चा जन्म त्यांचा, कोल्हापूरचाच. योगायोगच, पण असा की बोलायला शब्द सुचत नाहीत.

आता थोडं मागे जाऊ. १९०२ मध्ये शाहू महाराज युरोपला गेले होते, तिथे रोममध्ये त्यांनी जुनी प्रेक्षागृहं बघितली आणि असं काहीतरी आपल्याकडे पण पाहिजे हे डोक्यात घेऊनच परत आले. त्यातून आधी खासबागचं कुस्ती मैदान झालं आणि मग त्याला लागूनच, पाठीला पाठ लावून म्हणा ना, नाट्यगृह बांधलं, १९१५ मध्ये ते सुरू झालं. नाव पॅलेस थिएटर. एका बाजूला लाल माती, दुसऱ्या बाजूला रंगमंच! हे कोल्हापुरातच होऊ जाणे.

केशवरावांचं नाव मिळालं ते पुष्कळ नंतर, स्वातंत्र्यानंतर. लहानपणी ‘शारदा’ची भूमिका गाजवलेला हा पोरगा, १९०८ मध्ये हुबळीला स्वतःची ललितकलादर्श कंपनी काढली, आणि जुलै १९२१ मध्ये मुंबईला टिळक स्वराज्य फंडासाठी संयुक्त मानापमान झालं, म्हणजे ‘मानापमान’ नाटकाचा दोन कंपन्यांनी मिळून केलेला प्रयोग, त्यात बालगंधर्व नायिका भामिनी आणि हे नायक धैर्यधर. त्यानंतर तीनच महिन्यांत गेले, वय अवघं ३१.

आगीत छप्पर, रंगमंच, खुर्च्या सगळं गेलं, दगडी भिंती तेवढ्या बऱ्याच उभ्या राहिल्या. सरकारने निधी जाहीर केला, पण कलाकारांची आणि गावाची मागणी पैशांपेक्षा वेगळी होती, ‘जसं होतं तसंच बांधा’. मला हे पटतं, फक्त ‘जसं होतं’ म्हणजे नेमकं कधीचं हे आधी ठरवायला हवं, कारण १९१५ ची वास्तू आणि आपण तिकीट काढून बसायचो ते एसी लावलेलं थिएटर या दोन वेगळ्या गोष्टी. मला विचाराल तर खुर्च्या, लाइट, वायरिंग खुशाल आजचं करा, पण दगडकाम आणि खासबागशी असलेली ती जुनी पाठ-सोबत तेवढी हलवू नका.