झाडाला आठवायचं असेल तर

एक झाड रचून पाहू. त्याला जाणीव आहे, मागचा हिवाळा त्याला आठवतो आणि ती आठवण शेजारच्या झाडाला देताही येते. असं झाड पृथ्वीवर नाही. पण रचायला बसलं की लक्षात येतं, त्याचे बरेचसे सुटे भाग खऱ्या वनस्पतींनी कधीच तयार करून ठेवले आहेत.

मेंदू नाही, चेतापेशी नाहीत, मग आठवण राहणार कुठे? क्षणभराच्या आठवणीचं उत्तर व्हीनस फ्लायट्रॅप ही कीटकभक्षी वनस्पती देते. तिच्या पानावरच्या केसाला एकदा स्पर्श झाला तर सापळा मिटत नाही. साधारण अर्ध्या मिनिटाच्या आत दुसरा स्पर्श झाला तरच मिटतो. जपानी संशोधकांनी 2020 मध्ये दाखवलं की पहिल्या स्पर्शाने पेशींमधलं कॅल्शियम वाढतं आणि मग हळूहळू ओसरतं. ते पुरतं ओसरण्याआधी दुसरा स्पर्श झाला तर त्याची भर पडून पातळी उंबरठा ओलांडते. ओसरत जाणारं कॅल्शियम हीच इथली आठवण.

महिनोन्महिने टिकणाऱ्या आठवणीची तऱ्हा निराळी, आणि मला ती या सगळ्यात सर्वांत विलक्षण वाटते. मोहरीच्या कुळातल्या अरॅबिडॉप्सिस या छोट्या रोपाच्या काही वाणांना हिवाळा सोसल्याशिवाय नीट फुलता येत नाही. फुलोरा रोखून धरणारं एफएलसी नावाचं जनुक थंडीत बंद होतं आणि ऊब परतल्यावरही बंदच राहतं. जनुकाची अक्षरं बदलत नाहीत. डीएनए ज्या हिस्टोन प्रथिनांभोवती गुंडाळलेला असतो त्यांच्यावर रासायनिक खुणा बसतात आणि पेशी दुभंगली की त्या खुणा नव्या पेशींकडेही जातात.

पण गंमत पुढे आहे. एका पेशीपुरतं पाहिलं तर हे जनुक चालू तरी असतं किंवा बंद तरी, अर्धवट काही नाही. थंडी जितके आठवडे चालते, तितक्या अधिक पेशींत ते बंद होत जातं. हे 2011 मध्ये दाखवलं गेलं. म्हणजे हिवाळा किती लांबला, हे कुठल्याही एका पेशीत लिहिलेलं नसतं. सगळ्या पेशींची बेरीज केली तरच ते कळतं. आपल्या कल्पित झाडाचं मनही असंच असेल, असं मला वाटतं: मध्यभागी कुणी नाही, आणि आठवण पानोपानी विखुरलेली.

आता ती वाटायची कशी? या प्रश्नावर जमिनीखाली झाडांची मुळं जोडणाऱ्या बुरशीच्या जाळ्याकडे बोट दाखवलं जातं. भूर्ज आणि डग्लस फर यांच्या रोपांमध्ये कार्बनची देवघेव होते, हे 1997 मध्ये जंगलातल्या प्रयोगातून पुढे आलं. त्यावर पुढे बरंच काही रचलं गेलं. जंगलात झाडं या जाळ्यातून एकमेकांना इशारे देतात, या दाव्याला पुरेसा आधार नाही, असं 2023 च्या एका सविस्तर आढाव्याने स्पष्ट केलं. मला अमरवेल जास्त भरवशाची वाटते. ही परजीवी वेल दोन झाडांना एकाच वेळी विळखा घालते, आणि एकावर अळी पडली तर तिच्यातून गेलेल्या संकेतामुळे दुसऱ्यात बचावाची रसायनं वाढतात, असं 2017 मध्ये दिसून आलं. कलम केलेल्या रोपांत तर आरएनएचे छोटे तुकडे जोड ओलांडून जातात आणि पलीकडच्या पेशींतल्या डीएनएवर रासायनिक खुणा उमटवतात.

यातल्या कशालाही मी जाणीव म्हणणार नाही. खूण टिकणं वेगळं आणि ती कुणाला तरी जाणवणं वेगळं. जाणिवेचा भाग आपल्या झाडात कल्पनेनेच बसवावा लागेल.

शिवाय एक अडचण आहे. बी धरताना अरॅबिडॉप्सिस हिवाळ्याची खूण पुसून टाकतं. गर्भात एफएलसी पुन्हा चालू होतं, म्हणून प्रत्येक पिढीला आपला हिवाळा स्वतःच भोगावा लागतो. हे विसरणं रोपासाठी जगण्यामरण्याचा प्रश्न आहे, कारण खूण तशीच राहिली तर पुढचं रोप हिवाळा यायच्या आधीच फुलून बसेल. मात्र काही प्रजातींत, थंडी भोगलेल्या ऊतींपासून थेट वाढवलेली रोपं पुन्हा थंडी न लागता फुलतात. म्हणजे आपल्या कल्पित झाडाचं बी कोरं असेल, पण फांदी नाही. त्याला आपल्या आठवणी पुढे न्यायच्या असतील तर ते फळं धरणार नाही. ते फांद्या जमिनीला टेकवेल, तिथे मुळं फुटू देईल आणि मग हळूच त्यांच्यापासून सुटं होईल.