विचार-जनरेटर (काल्पनिक यंत्र)

विचार-जनरेटर म्हणजे माणसाच्या विचारांपासून वापरता येईल अशी वीज काढणारं एक काल्पनिक यंत्र. असं यंत्र जगात कुठंही नाहीये हे आधीच सांगून टाकतो, नाहीतर लोक लगेच विचारतात कुठं मिळतंय आणि सबसिडी आहे का. सोलापुरात लाईट गेली आणि चहाच्या टपरीवर चार जण जमले की हा विषय निघायला वेळ लागत नाही, आणि आमच्या कट्ट्यावर त्याचं नाव 'टेन्शनवरचा जनरेटर' असंच पडलंय, कारण नळाला रोज पाणी नाही, सुताचा भाव ठरत नाही, पोरगं पुण्याला जाऊन बसलंय, म्हंजे कच्चा माल लै.

वर्णन जो तो आपल्या परीनं करतो पण गाभा तोच. डोक्यावर हेल्मेटसारखी टोपी, टोपीतून वायरी, वायरी एका डब्यात, डब्याला सॉकेट, आणि जेवढा जोरात विचार तेवढा बल्ब लख्ख. काही जण त्याला मीटर पण बसवतात, घरात कोण किती विचार करतंय ते युनिटमध्ये दिसायला. त्यावरून काय भांडणं होतील ते सांगायला नको.

ही कल्पना निव्वळ टपरीवरची नाही बरं का. जर्मनीत हान्स बर्गर नावाचा माणूस होऊन गेला, तो तरुणपणी लष्करात असताना घोड्यावरून पडला, तोफगाडीचं चाक अगदी जवळ येऊन थांबलं, जीव वाचला. त्याच दिवशी घरून तार आली. बहिणीला म्हणे भावाचं काहीतरी बरंवाईट होतंय असं वाटलं आणि तिनं वडिलांना तार करायला लावली. बर्गरच्या डोक्यात बसलं की मेंदूतून काहीतरी 'मानसिक ऊर्जा' बाहेर पडत असणार, आणि ती शोधायला तो डॉक्टर झाला. ती ऊर्जा काही सापडली नाही, पण शोधता शोधता 1924 मध्ये त्यानं माणसाच्या मेंदूतल्या विजेच्या लहरी पहिल्यांदा कागदावर उतरवल्या आणि 1929 मध्ये ते छापलं. आज डॉक्टर जो ईईजी काढायला सांगतात तो इथूनच आला. म्हंजे विचार-जनरेटर शोधायला निघालेल्या माणसाला मीटर तेवढं सापडलं.

आता हिशोब. डोक्याच्या कातडीवर मिळणारा ईईजीचा सिग्नल असतोय साधारण 10 ते 100 मायक्रोव्होल्ट, म्हंजे व्होल्टचा लाखावा भाग वगैरे, आणि त्यातून काढता येणारी वीज वॅटच्या दहा लाख कोटीव्या भागाच्या आसपास. जगातली सगळी 800 कोटी डोकी एकाला एक जोडली तरी एक मिलिवॅट जेमतेम. रिमोटमधला छोटा लाल दिवा पण नीट पेटायचा नाही.

पण मेंदू खातो मात्र बक्कळ. वजन सव्वा-दीड किलो, शरीराच्या दोन टक्के, आणि आरामात बसलेल्या माणसाच्या एकूण ऊर्जेतली 20 टक्के एकटा घेतो, म्हंजे साधारण 20 वॅट. दिवसाला अर्धा युनिट. ही सगळी शेवटी उष्णता होऊन बाहेर पडते, म्हणून टपरीवरचे हुशार लोक म्हणतात सिग्नल सोडा, उष्णता धरा. बरं धरली. यंत्रमागाला एक हॉर्सपॉवरची मोटर धरली तर ती 746 वॅटची, म्हंजे काहीही वाया न घालवता एका मागाला 37-38 डोकी लागणार. 2011 च्या जनगणनेत सोलापूर शहराची लोकसंख्या साडेनऊ लाख होती, सगळ्यांची मिळून 19 मेगावॅट, आणि शहराशेजारचं एनटीपीसीचं औष्णिक केंद्र 1320 मेगावॅटचं आहे.

आणि टेन्शननं काही फरक पडत नाही, ही सगळ्यात निराश करणारी गोष्ट. गणित सोडवा नाहीतर भिंतीकडं बघत बसा, मेंदूचा खर्च वाढतो तो पाच टक्क्यांच्या आतच. बाकीचा खर्च मेंदू नुसता चालू ठेवायचा.

विचार आणि ऊर्जा यांचा खरा संबंध वेगळ्याच बाजूनं आहे आणि तो कळायला सोलापूरइतकी चांगली जागा नाही. जकार्डच्या मागाखाली कधी उभं राहून बघा. वर भोकं पाडलेल्या पुठ्ठ्यांची माळ खडखडत फिरत असते, भोक असलं की धाग्याचा हुक उचलला जातो आणि धागा वर, भोक नसलं की हुक सुटतो आणि धागा खाली, आणि समोर चादरीवर मोर उमटत येतो. ही युक्ती जोसेफ मारी जकार्डची, 1804 ची. भोक आहे किंवा नाही, याला आज आपण एक बिट म्हणतो. 1929 मध्ये लिओ झिलार्ड या भौतिकशास्त्रज्ञानं कागदावर दाखवलं की एका बिटाएवढी माहिती हातात असली तर तिच्या बदल्यात थोडं काम काढता येतं, आणि 1961 मध्ये रॉल्फ लँडॉवर या दुसऱ्या भौतिकशास्त्रज्ञानं उलट बाजू सांगितली, एक बिट पुसायला कमीत कमी ऊर्जा लागतेच. 2010 मध्ये जपानमधल्या संशोधकांनी प्लास्टिकच्या सूक्ष्म मण्यावर नजर ठेवून, नुसत्या माहितीच्या जोरावर तो मणी वर चढवत नेला. म्हंजे माहितीतून ऊर्जा खरंच निघते! पण किती? एका बिटाला साधारण 3 भागिले 1 वर 21 शून्यं एवढे ज्यूल (ज्यूल म्हंजे ऊर्जेचं माप). एक विचार म्हंजे शंभर कोटी बिट धरला, जे लैच उदार झालं, तरी डास पंख हलवायला त्याहून जास्त खर्च करेल.

उरली परत उष्णता, आणि तिथं सोलापूरचं हवामान आडवं येतंय. उष्णतेतून काम काढायचं तर एक बाजू गरम आणि दुसरी गार पाहिजे. शरीर 37 अंशावर. जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेच्या, म्हंजे सिद्धेश्वराच्या जत्रेच्या वेळी पहाटे बाहेर 15 अंश धरले तर उष्णतेतले जास्तीत जास्त 7 टक्के हाती लागतील, म्हंजे एका डोक्यामागं दीड वॅटपण नाही, छोटा एलईडी लागेल इतकंच. त्या जत्रेतल्या नंदीध्वजांच्या, म्हंजे उंच सजवलेल्या काठ्यांच्या मिरवणुकीत जेवढी डोकी असतात त्यात यंत्राचा सीझन बरा जाईल.

मे महिन्यात मात्र पारा 43 च्या वर गेला की बाहेरच डोक्यापेक्षा जास्त गरम. यंत्र तेव्हाही चालेल, पण उलटं, बाहेरची उष्णता डोक्यात शिरताना वीज निघेल. विचाराची तर गरजच नाही, नुसती गार वस्तू पाहिजे, आणि त्या कामाला माणसाच्या डोक्यापेक्षा सावलीत ठेवलेला पाण्याचा माठ कधीही सरस, तो पाझरून आपोआप गार राहतो आणि चहाही मागत नाही.