बॅटल रॉयल खेळांतील खेळाडूसंख्या आणि संघरचना

बॅटल रॉयल हा ऑनलाइन व्हिडिओ गेमचा एक प्रकार. यात मोठ्या नकाशावर अनेक खेळाडू रिकाम्या हाताने उतरतात, सापडतील ती शस्त्रे आणि साहित्य गोळा करतात आणि दर काही मिनिटांनी आकसत जाणाऱ्या सुरक्षित क्षेत्रात, म्हणजे खेळाडूंच्या भाषेत झोनमध्ये, टिकून राहण्यासाठी लढतात. शेवटी जो खेळाडू किंवा संघ उरतो तो विजयी. एका सामन्यात एकूण किती जण उतरवायचे आणि त्यांचे किती-किती जणांचे संघ करायचे, या दोन आकड्यांवर खेळाचा वेग, नकाशाचे क्षेत्रफळ, सर्व्हरवरचा भार आणि स्पर्धांचे नियम अवलंबून असतात. जाहिरातीत पहिला आकडा मिरवला जातो. खेळणाऱ्याच्या अनुभवावर मात्र दुसऱ्याचा ठसा जास्त खोल उमटतो.

शंभराचा आकडा

‘प्लेअरअननोन’ या टोपणनावाने ओळखल्या जाणाऱ्या ब्रेंडन ग्रीन यांनी आर्मा २ या लष्करी खेळासाठीच्या डे-झी मॉडवर (मॉड म्हणजे मूळ खेळात बदल करून केलेली आवृत्ती) आधारित बॅटल रॉयल मॉड २०१३ मध्ये तयार केला. पुढे आर्मा ३ आणि एच१झेड१ या खेळांमधून ही कल्पना पक्की होत गेली. मार्च २०१७ मध्ये पबजी (प्लेअरअननोन्स बॅटलग्राउंड्स) अर्ली ॲक्सेस स्वरूपात, म्हणजे पूर्ण होण्याआधीच, बाजारात आला तो १०० खेळाडूंचा सामना घेऊन. त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये एपिक गेम्सने फोर्टनाइटचा बॅटल रॉयल प्रकार सुरू केला आणि त्यातही १०० हाच आकडा ठेवला. या दोन खेळांच्या अफाट लोकप्रियतेमुळे ‘शंभर जण उतरतात, एक उरतो’ ही या प्रकाराची ओळखच बनली.

हा आकडा लक्षात ठेवायला सोपा आहे आणि तो नुसता ऐकला तरी पुढच्या अटीतटीची कल्पना येते, हे खरे. पण शंभरच असले पाहिजेत असे कोणतेही तांत्रिक बंधन नाही. फेब्रुवारी २०१९ मध्ये आलेल्या एपेक्स लेजंड्सने ६० खेळाडू पुरेसे मानले. त्याच वर्षी मार्चमध्ये बॅटलफिल्ड ५ च्या फायरस्टॉर्म प्रकारात ६४ होते. मार्च २०२० मध्ये कॉल ऑफ ड्यूटी: वॉरझोन १५० खेळाडूंसह आला आणि काही महिन्यांतच त्यात २०० जणांचे सामनेही सुरू झाले. उलट दिशेला गरेनाचा फ्री फायर साधारण ५० जणांवर थांबतो आणि सुमारे दहा मिनिटांत सामना आटोपतो. कमी रॅमच्या स्वस्त फोनवर तो सुरळीत चालतो, हे भारतातल्या त्याच्या प्रसाराचे मोठे कारण होते. लहान सामना आणि हलका खेळ यांची तिथे नीट सांगड बसली होती.

बंदुका नसलेल्या खेळांनीही हा साचा उचलला. २०१९ च्या टेट्रिस ९९ मध्ये ९९ जण एकाच वेळी ठोकळे रचतात, तर २०२० च्या फॉल गाइज मध्ये आरंभी ६० जण अडथळ्यांच्या शर्यतीत धावत असत.

क्षेत्रफळ आणि दाटी

खेळाडूसंख्या एकटी काहीच सांगत नाही; ती नकाशाच्या क्षेत्रफळाशी ताडून पाहावी लागते. पबजीचा मूळ नकाशा एरांगेल ८ बाय ८ किलोमीटर, म्हणजे समुद्र धरून ६४ चौरस किलोमीटर. त्यात १०० जण, म्हणजे चौरस किलोमीटरमागे दीड. म्हणूनच एरांगेलवर वस्तीपासून दूर उतरलेला खेळाडू पहिली दहा मिनिटे कोणाचेही तोंड न पाहता घरे धुंडाळत राहू शकतो. पबजीचाच सॅनहॉक नकाशा ४ बाय ४ किलोमीटरचा आहे. तिथेही १०० जण उतरतात, त्यामुळे दाटी सहाच्या वर जाते. काराकिन २ बाय २ किलोमीटरचा. तिथे संख्या ६४ वर आणली तरी चौरस किलोमीटरमागे १६ जण येतात. हेवन हा जेमतेम १ चौरस किलोमीटरचा शहरी नकाशा, त्यात ३२ जण. मोबाइलवरच्या २ बाय २ किलोमीटरच्या लिविकमध्ये ५२ जण असतात आणि सामना पंधरा मिनिटांच्या आसपास संपतो. एरांगेलवर तोच अर्ध्या तासापर्यंत चालतो.

नकाशा लहान होतो तशी खेळाडूसंख्याही कमी होते, पण त्याच प्रमाणात नाही. लहान नकाशे मुद्दाम दाट ठेवलेले असतात. एरांगेल आणि हेवन यांच्या दाटीत वीसपट फरक आहे, आणि एकाच खेळात हे दोन्ही नकाशे असले तरी खेळण्याची रीत पार बदलते. एरांगेलवर गाडी, लांब पल्ल्याची रायफल आणि झोनचा अंदाज यांना किंमत असते. हेवनमध्ये जिन्यावरची पावले ओळखणारा कान लागतो.

नकाशाभर दाटी सारखी नसते, हेही ध्यानात घ्यायला हवे. पोचिंकी, स्कूल, मिलिटरी बेस अशा भरपूर लूट असलेल्या ठिकाणी एकाच वेळी पाच-सहा संघ उतरतात. यालाच हॉट ड्रॉप म्हणतात. पडद्याच्या कोपऱ्यात किती जण जिवंत आहेत हे दाखवणारा आकडा असतो. पहिल्या काही मिनिटांत तो भराभर खाली येतो, मग मधला बराच काळ जवळपास हलत नाही, आणि शेवटच्या दोन-तीन झोनमध्ये पुन्हा कोसळू लागतो. अनुभवी खेळाडू हा आकडा सतत वाचत असतात. चौथा झोन लागला आणि अजून पन्नास जण जिवंत असतील, तर पुढचे झोन गच्च भरलेले असणार. तेव्हा आत जाऊन आधीच एखादे घर धरणे शहाणपणाचे.

सर्व्हरचे गणित

खेळाडू वाढवण्याची किंमत सरळ रेषेत वाढत नाही. प्रत्येकाची हालचाल बाकी सर्वांना कळवायची म्हटले, तर ६० जणांच्या सामन्यात ३,५४० जोड्या होतात, १०० जणांच्या सामन्यात ९,९०० आणि १५० जणांच्या सामन्यात २२,३५०. त्यातच दारे, गाड्या, जमिनीवरची हत्यारे आणि फोर्टनाइटमध्ये खेळाडूंनी बांधलेल्या भिंती यांची भर पडते. म्हणून कोणाला काय कळवायचे हे सर्व्हरला निवडावे लागते. फोर्टनाइटच्या गरजेतून अनरिअल इंजिनमध्ये २०१८ साली रेप्लिकेशन ग्राफ नावाची व्यवस्था आली. नकाशाचे चौकोन पाडायचे आणि खेळाडूला आसपासच्या चौकोनांतल्या घडामोडीच पाठवायच्या, हे तिचे एक मुख्य तत्त्व. दोन किलोमीटर दूर कोणी दार उघडले, तर ते आपल्या फोनला कळायची गरज नसते.

सामना सुरू होताना भार सर्वाधिक असतो, कारण सगळे जिवंत असतात आणि एकाच विमानाच्या मार्गाखाली दाटीने उतरतात. खेळाडूंना जाणवणारा लॅग, म्हणजे खेळाचे अडखळणे, बहुतेकदा तेव्हाचाच. याच्या कितीतरी पुढे जाण्याचे प्रयत्नही झाले. मॅव्हरिक्स या खेळाने एका सामन्यात ४०० जणांची घोषणा केली होती. त्याची निर्माती कंपनी २०१९ मध्ये बंद पडली आणि खेळ पूर्ण झालाच नाही. मला वाटते, ४०० जणांची कल्पना तंत्राआधी खेळाच्या कसोटीवरच अडली असती. सामन्यात एखादा संघ फार तर आठ-दहा संघांशी प्रत्यक्ष भिडतो. त्यापलीकडचे विरोधक त्याच्यासाठी फक्त कोपऱ्यातला आकडा असतात.

लॉबी, म्हणजे सामन्यासाठी जमणाऱ्या खेळाडूंचा गट, भरण्याचा प्रश्न वेगळाच. १०० जणांचा सामना वेळेत सुरू व्हायचा तर एकाच प्रदेशात, एकाच प्रकारासाठी, साधारण सारख्या कौशल्याचे तितके लोक त्या क्षणी रांगेत असावे लागतात. यावर उतारा म्हणून बॉट, म्हणजे संगणकाने चालवलेले खेळाडू, आले. पबजीच्या मोबाइल आवृत्तीत ते पहिल्यापासून होते, फोर्टनाइटमध्ये २०१९ च्या शेवटी आणि पबजीच्या पीसी आवृत्तीत २०२० मध्ये आले. त्यामुळे पडद्यावर १०० दिसले तरी तितकी माणसे असतीलच असे नाही. नवख्याला हाताशी दोन-तीन किल, म्हणजे बळी, लागावेत म्हणून बॉट उपयोगी पडतात. पण सामन्यात खरी माणसे किती आणि बॉट किती हे खेळाडूला दाखवले जात नाही, ही उणीव आहे असे माझे मत आहे.

सोलो, डुओ, ट्रायो, स्क्वाड

संघाचा आकार बदलला की जिंकण्याची शक्यता बदलते, इतकी गोष्ट उघड आहे. सर्व संघ समान बळाचे मानले, तर पबजीत सोलोमध्ये, म्हणजे एकट्याच्या खेळात, ती शंभरात एक, चौघांच्या स्क्वाडमध्ये पंचवीसात एक. एपेक्समध्ये तिघांचे २० संघ असल्याने वीसात एक. वॉरझोनमध्ये तिघांचे ५० संघ म्हणजे पन्नासात एक.

यापेक्षा महत्त्वाचा फरक मरण्याच्या नियमात आहे. पबजीच्या सोलोमध्ये आरोग्याची पट्टी संपली की खेळाडू थेट बाद. संघात तो आधी नॉक होतो, गुडघ्यावर रांगतो आणि साथीदाराने काही सेकंद देऊन त्याला रिव्हाइव्ह केले तर पुन्हा उभा राहतो. कबड्डीत बाद झालेला गडी आपल्या संघाने विरोधी गडी बाद केला की जिवंत होऊन मैदानात परततो. तो आधार आणि ती घालमेल इथेही आहे. शेवटचा उभा साथीदार पडला, की रांगणारे सगळेच त्या क्षणी बाद होतात. म्हणून एकट्या उरलेल्याने मित्राला उठवायला जायचे की धुराचा बाँब टाकून दूर पळायचे, हा स्क्वाडमधला सर्वांत अवघड निर्णय असतो. सोलोत तो प्रसंगच येत नाही.

एक गडी पडल्याने होणारे नुकसानही आकारावर ठरते. चौघांत एक नॉक झाला तर चौथाई बळ गेले, तिघांत, म्हणजे ट्रायोत, तिसरा हिस्सा, दोघांच्या डुओत निम्मे. डुओ त्यामुळे फार झटपट निकाली लागतो. चौघांचा संघ दोन-दोन असा फुटू शकतो. दोघे समोरून गोळीबार करत शत्रूला अडवतात आणि दोघे बाजूने वळसा घालतात. तिघांत असे केले की एक जण एकटा पडतो, त्यामुळे ट्रायो साधारणतः एकत्रच फिरतो. बोलण्यातही हे दिसते. तिघांत बोलणाऱ्यांच्या जोड्या तीन, चौघांत सहा. चार जण एकदम ओरडू लागले की गोळीबार कुठून आला तेच कळत नाही. व्यावसायिक संघांत आयजीएल, म्हणजे सामना चालू असताना निर्णय देणारा एक जण, ठरलेला असतो तो याचसाठी. एपेक्समध्ये प्रत्येक पात्राला स्वतंत्र क्षमता आहेत. तिथे चौथे पात्र आले असते तर एका चकमकीत आठ पात्रांच्या क्षमता एकमेकांवर आदळल्या असत्या आणि काय चालले आहे ते वाचणेच मुश्कील झाले असते.

आकड्यांचे भाग पडण्याचाही प्रश्न येतो. शंभराला एक, दोन आणि चारने नि:शेष भाग जातो, तीनने नाही. त्यामुळे ट्रायो खेळायचे तर ३३ संघ आणि ९९ खेळाडू धरावे लागतात. १५० ला तीनने भाग जातो, चारने नाही. ६० मात्र एक, दोन, तीन, चार या सगळ्यांनी भागला जातो.

खेळांनी सुरुवातीला ठरवलेला आकार पुढे क्वचितच एकमेव राहतो. वॉरझोन फक्त तिघांच्या संघांसह सुरू झाला. सोलो आठवड्याभरात आणि चौघांचे संघ पुढच्या महिन्यात आले. एपेक्सने ऑगस्ट २०१९ मध्ये सोलो काही दिवसांपुरता आणला, पण संघासाठी घडवलेल्या पात्रांना तो मानवला नाही. डुओ मात्र कायमचा झाला. फोर्टनाइटने डिसेंबर २०१७ मध्ये ५० विरुद्ध ५० असा खेळ देऊन पाहिला. त्यात शत्रू एकच आणि साथीदार एकोणपन्नास, त्यामुळे बॅटल रॉयलची मूळ धास्ती उरतच नव्हती, गंमत मात्र पुष्कळ होती.

स्क्वाडची एक अडचण बराच काळ दुर्लक्षित राहिली. सोलोत बाद झालेला लगेच दुसऱ्या सामन्यात जातो. स्क्वाडमध्ये तिसऱ्या मिनिटाला बाद झालेला मित्र उरलेला अर्धा तास साथीदारांचा खेळ नुसता बघत बसतो, नाहीतर त्यांना सोडून जातो. एपेक्सने यावर सुरुवातीपासूनच तोड काढली: मृत साथीदाराचे बॅनर उचलून ठराविक जागी नेले की तो परत येतो. फोर्टनाइटने एप्रिल २०१९ मध्ये रीबूट व्हॅन आणली, वॉरझोनने गुलाग (बाद झालेल्यांची आपसातली लढत, जिंकणारा परत येतो), आणि पबजीने २०२१ च्या टेगो नकाशावर परतीची संधी. आता ‘१०० जण’ म्हणजे १०० मृत्यू असा हिशेब राहिलेला नाही.

अनोळखी साथीदारांना भारतात रँडम म्हणतात. ओळखीचे चौघे मिळाले नाहीत की ऑटो-मॅचिंगने रँडम येतात. कोणी बोलत नाही, कोणी लगेच निघून जातो आणि तिघांना चोवीस पूर्ण संघांशी झुंजावे लागते. काही जण मुद्दाम एकटेच स्क्वाडच्या लॉबीत उतरतात. याला सोलो व्हर्सेस स्क्वाड म्हणतात आणि यूट्यूबवर असे खेळ आवडीने पाहिले जातात. याच्या उलट, सोलो सामन्यात वेगवेगळ्या खेळाडूंनी गुपचूप हातमिळवणी करणे म्हणजे टीमिंग; हा गैरप्रकार असून त्यासाठी खाते बंद होऊ शकते.

स्पर्धांमधले आकडे

व्यावसायिक स्पर्धांत शंभराचा आकडा टिकला नाही. जुलै २०१८ मध्ये बर्लिनला झालेल्या पबजीच्या जागतिक निमंत्रित स्पर्धेत चौघांचे २० संघ, म्हणजे ८० जण होते. त्यानंतर १६ संघ आणि ६४ खेळाडू हे प्रमाण रूढ झाले, ते मोबाइलवरच्या स्पर्धांतही चालते. फ्री फायरच्या स्पर्धेत १२ संघ, म्हणजे ४८ जण असतात. मोठा अपवाद फोर्टनाइटच्या २०१९ च्या विश्वचषकाचा: न्यूयॉर्कच्या आर्थर ॲश स्टेडियमवर सोलो अंतिम फेरीत खरोखरच १०० जण बसले होते आणि विजेत्याला ३० लाख डॉलर मिळाले.

संख्या कमी करण्यामागे प्रक्षेपणाची सोयही आहे. कॅमेरा चालवणाऱ्या निरीक्षकांना एकाच वेळी पाच ठिकाणच्या चकमकी दाखवाव्या लागतात, आणि १६ संघांची नावे प्रेक्षकाला निदान ओळखता येतात. गुणपद्धतही या संख्येला बेतलेली आहे. पहिल्या आठ क्रमांकांना १०, ६, ५, ४, ३, २, १, १ असे गुण आणि प्रत्येक किलला एक. क्रमांकाचे मिळून ३२ गुण, तर ६४ जणांत किलचे साठाच्या आसपास जाऊ शकतात. त्यामुळे लपून शेवटपर्यंत पोहोचणाऱ्या संघापेक्षा लढणारा संघ पुढे जातो.

भारतातील स्थिती

भारतात पबजी मोबाइलवर सप्टेंबर २०२० मध्ये बंदी आली. पबजीमागच्या क्राफ्टन या कंपनीने जुलै २०२१ मध्ये खास भारतासाठी बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) आणला. जुलै २०२२ मध्ये तोही ॲप स्टोअरवरून हटला आणि मे २०२३ मध्ये परतला. फ्री फायरवर फेब्रुवारी २०२२ मध्ये बंदी आली. बीजीएमआयमध्ये स्क्वाड चौघांचाच आहे, आणि वसतिगृहांत, गल्लीत, कट्ट्यावर चार जण जमले की खेळ सुरू होतो तो याच आकाराचा. खेळ फक्त भारतापुरता असल्याने रँडम साथीदारही भारतीयच मिळतात. मराठी मुलाला कधी तमिळ, कधी पंजाबी साथीदार लाभतो आणि ‘नॉक’, ‘झोन’, ‘कव्हर दे’ एवढ्यावर निभावून न्यावे लागते.

पुण्याच्या सुपरगेमिंग या कंपनीचा इंडस हा बॅटल रॉयल ऑक्टोबर २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात शेवटचा संघ उरण्याखेरीज कॉस्मियम नावाची वस्तू हस्तगत करूनही सामना जिंकता येतो, म्हणजे विरोधक किती उरले आहेत यावर निकाल अडून राहत नाही.