ईयोब खरंच गप्प बसला होता का?

"ईयोबासारखा धीर धरा, एवढं सोसलं पण तक्रारीचा एक शब्द नाही" असं बायबलमधल्या ईयोबाबद्दल फॉरवर्ड फिरतं ना, ते अर्धंच खरं आहे.

बायबलमधलं त्याच्या नावाचं पुस्तक ४२ अध्यायांचं. पहिल्या दोन अध्यायांत गुरंढोरं, मुलं, तब्येत सगळं जातं आणि तो खरंच शांत राहतो, बहुतेकांना तेवढीच गोष्ट माहीत असते त्यामुळे गैरसमज होणं साहजिकच. पण तिसरा अध्याय उघडा, तिथे तो स्वतःच्या जन्मदिवसालाच शाप देतो! पुढे मित्र म्हणतात तू पाप केलं असणार म्हणून ही शिक्षा, तर तेराव्या अध्यायात तो त्यांना चक्क कुचकामी वैद्य म्हणतो आणि थेट देवाशीच वाद घालायचाय म्हणतो.

आणि मला सगळ्यात भारी वाटतं ते ४२:७ (अध्याय ४२, वचन ७), तिथे देव रागावतो तो मित्रांवर, म्हणतो तुम्ही माझ्याबद्दल ईयोबासारखं बरोबर बोलला नाहीत. म्हणजे भांडणारा बरोबर, उपदेश करणारे चूक.

मग 'धीर' आला कुठून? नव्या करारातल्या याकोबाच्या पत्रातून, ५:११. तिथल्या मूळ ग्रीक शब्दाचा अर्थ टिकून राहणं, तोंड बंद ठेवणं नव्हे. घरात मराठी बायबल असेल तर आधी तिसरा अध्याय काढा, दहा मिनिटांचं काम आहे.