हिवाळी इंधन भत्ता (ब्रिटन)

ब्रिटनमधील पेन्शनरांना घर उबदार ठेवण्याच्या खर्चापोटी सरकारकडून दर हिवाळ्यात एकदा मिळणारी रोख रक्कम. अधिकृत नाव ‘विंटर फ्युएल पेमेंट’. मजूर पक्षाच्या सरकारने १९९७ साली ती सुरू केली. इंग्लंड, वेल्स आणि उत्तर आयर्लंडमध्ये ही रक्कम घरटी २०० पौंड आहे. घरात ८० वर्षे पूर्ण केलेली व्यक्ती असेल तर ३०० पौंड. स्कॉटलंडने २०२४ पासून याऐवजी स्वतःची योजना आणली. ब्रिटिश सरकारच्या एकूण खर्चात ही बाब किरकोळच म्हणायची. तरीही सगळ्या वृद्धांना पैसे द्यायचे की फक्त गरजूंना, या प्रश्नावरून तिने जेवढे राजकारण पेटवले तेवढे तिच्याहून मोठ्या योजनांनाही जमलेले नाही.

थंडी आणि घरे

ब्रिटनची थंडी आकड्यांत फार भयंकर दिसत नाही. जानेवारीत लंडनचे दुपारचे तापमान आठ अंशांच्या आसपास असते, म्हणजे निफाडची गारठलेली पहाट. फरक असा की निफाडला दहाच्या सुमारास उन्हात जाऊन बसता येते. तिथे नोव्हेंबरपासून मार्चपर्यंत गारठा आणि ओल मुक्कामाला असते, आणि ऐन डिसेंबरात चारच्या सुमारास अंधार पडतो. घरात हीटिंग लावणे ही चैन नसते. बहुतेक घरांत गॅसचा बॉयलर पाणी तापवतो आणि ते खोल्याखोल्यांतल्या रेडिएटरांमधून फिरते. हिवाळ्यात बिल फुगते ते यामुळे.

त्यात घरे जुनी. इंग्लंडमधले साधारण दर पाचवे घर १९१९ च्या आधी बांधलेले आहे. अशा घरांच्या भिंती बहुधा भरीव विटांच्या, मध्ये पोकळी नसलेल्या. त्यामुळे विकत घेतलेली ऊब भिंतींतून, छपरातून आणि खिडक्यांच्या फटींतून बाहेर जाते. स्वीडन-फिनलंडमध्ये थंडी कितीतरी अधिक, पण हिवाळ्यात वाढणाऱ्या मृत्यूंचे प्रमाण तिथे ब्रिटनपेक्षा कमी राहत आले आहे. त्याचे एक कारण तिथली घट्ट बांधणीची घरे. १९९९-२००० च्या हिवाळ्यात इंग्लंड आणि वेल्समध्ये एरवीपेक्षा सुमारे ४८ हजार मृत्यू जास्त झाले. फ्लूचा त्यात मोठा हात होता. थंडीने माणूस थेट गारठून मरतो असे क्वचित घडते. रक्तदाब चढतो, रक्त घट्ट होते, छाती भरते, आणि मृत्यूची नोंद हृदयविकार, पक्षाघात किंवा न्यूमोनिया म्हणून होते. घरात किमान १८ अंश तापमान असावे अशी जागतिक आरोग्य संघटनेची शिफारस आहे.

घर पुरेसे तापवणे परवडत नाही अशा अवस्थेला ‘इंधन-दारिद्र्य’ म्हणतात. उत्पन्नाच्या १० टक्क्यांहून जास्त पैसे इंधनावर घालवावे लागत असतील तर ते कुटुंब इंधन-दरिद्री, हा ढोबळ निकष ब्रेंडा बोर्डमन या संशोधिकेने १९९१ साली मांडला आणि बरीच वर्षे तोच चालला. इंग्लंडने पुढे तो दोनदा बदलला. आताच्या निकषात घराची ऊर्जा-श्रेणी (‘ए’ सर्वांत चांगली, ‘जी’ सर्वांत वाईट) ‘डी’ किंवा त्याखालची असावी लागते आणि इंधनाचा खर्च वजा जाता उरलेले उत्पन्न दारिद्र्यरेषेखाली असावे लागते. म्हणजे घर ‘सी’ श्रेणीचे असेल तर त्यातला माणूस कितीही कफल्लक असो, सरकारी मोजणीत तो इंधन-दरिद्री ठरत नाही. आकडा कमी दाखवायला ही व्याख्या सोयीची आहे.

उगम आणि वाढ

भत्त्याची मुळे एका करात आहेत. जॉन मेजर यांच्या हुजूर पक्षाच्या सरकारने घरगुती गॅस-विजेवर मूल्यवर्धित कर लावायचे १९९३ मध्ये जाहीर केले. एप्रिल १९९४ पासून ८ टक्के कर लागूही झाला, तो १७.५ टक्क्यांवर नेण्याचा पुढचा टप्पा मात्र त्याच डिसेंबरात संसदेत हाणून पाडला गेला. १९९७ साली सत्तेवर आलेल्या टोनी ब्लेअर यांच्या सरकारने हा कर ५ टक्क्यांवर आणला आणि नोव्हेंबरात अर्थमंत्री गॉर्डन ब्राऊन यांनी नवा भत्ता जाहीर केला. सुरुवात माफक होती : पेन्शनरांच्या घराला २० पौंड, आणि गरिबांसाठीची मदत घेणाऱ्यांना ५० पौंड. १९९९ मध्ये तो सरसकट १०० पौंड झाला आणि २००० च्या हिवाळ्यात २००. त्याच वर्षी एप्रिलमध्ये मूळ पेन्शन आठवड्याला अवघ्या ७५ पेनींनी वाढली होती आणि म्हातारी मंडळी भडकली होती. भत्त्यातल्या वाढीचे कारण शोधायला फार लांब जावे लागत नाही. ८० वर्षांपुढच्यांसाठी जादा १०० पौंड २००३ मध्ये आले. २००८ ते २०११ या तीन हिवाळ्यांत रक्कम तात्पुरती २५० आणि ४०० होती. नंतर ती पुन्हा मूळ आकड्यांवर आली आणि तिथेच थांबली. २००० पासून सर्वसाधारण किमती जवळपास दुप्पट झाल्या, २०० पौंड मात्र २०० च राहिले. कपातीवरून रान उठते. महागाईने आपसूक होणाऱ्या या कपातीबद्दल कोणी फारसे बोलत नाही.

सुरुवातीला स्त्रियांना हा भत्ता ६० व्या वर्षी आणि पुरुषांना ६५ व्या वर्षी मिळे, कारण तेव्हा पेन्शनचे वय तसे होते. टेलर नावाच्या ६२ वर्षांच्या गृहस्थांनी हा भेदभाव असल्याची तक्रार केली. प्रकरण युरोपीय न्यायालयात गेले आणि डिसेंबर १९९९ मध्ये निकाल त्यांच्या बाजूने लागला. मग दोघांनाही ६० हेच वय लागू झाले. २०१० पासून ते पेन्शनच्या वयाबरोबर वर सरकत गेले आणि ६६ वर पोहोचले.

भत्ता हातात कसा पडतो

बहुतेकांना अर्जच करावा लागत नाही. सप्टेंबरमधला एक आठवडा पात्रतेसाठी धरला जातो. त्या आठवड्यात जो पेन्शनच्या वयाचा आहे आणि देशात राहतो, त्याला ऑक्टोबर-नोव्हेंबरात पत्र येते आणि नोव्हेंबर-डिसेंबरात पैसे खात्यावर जमा होतात. बँकेच्या उताऱ्यावर स्वतःचा राष्ट्रीय विमा क्रमांक आणि पुढे ‘डीडब्ल्यूपी डब्ल्यूएफपी’ (पेन्शन खात्याची आणि ‘विंटर फ्युएल पेमेंट’ची आद्याक्षरे) ही अक्षरे दिसली की समजायचे, भत्ता आला. ज्यांना सरकारी पेन्शन किंवा दुसरी मदत मिळत नाही त्यांना मात्र ३१ मार्चच्या आत स्वतः मागणी करावी लागते. अर्ज लागत नाही हे अनेकांना ठाऊक नसते आणि भामटे नेमके तेच हेरतात : ‘हिवाळी अनुदानासाठी या लिंकवर माहिती भरा’ असे मेसेज दर थंडीत फिरतात. खरे सरकारी खाते असा मेसेज पाठवत नाही.

पैसे इंधनावरच खर्च केले पाहिजेत असे बंधन नाही. बिल दाखवावे लागत नाही, नातवंडांसाठी खेळणी घेतली तरी कोणी विचारत नाही. पण गंमत अशी की लोक बऱ्यापैकी इंधनावरच खर्च करतात. अर्थतज्ज्ञांनी ६० च्या अलीकडच्या-पलीकडच्या कुटुंबांचे खर्च ताडून पाहिले, तेव्हा या भत्त्यातली जवळपास निम्मी रक्कम गॅस-विजेवर गेल्याचे आढळले. तेवढेच पैसे निव्वळ उत्पन्नवाढ म्हणून मिळाले असते तर त्यातले जेमतेम ३ टक्के तिकडे गेले असते. हीटिंग लावताना हात आखडणाऱ्या पिढीला ‘हे त्यासाठीच आहेत’ असे सांगितल्याचा हा परिणाम. योजनेच्या बाजूने केलेल्या सगळ्या युक्तिवादांत हा सर्वांत भक्कम आहे.

२०२४ ची कपात आणि माघार

जुलै २०२४ मध्ये, सत्तेवर येऊन महिनाही उलटला नव्हता तोवर, अर्थमंत्री रेचल रीव्ह्ज यांनी तिजोरीत २२ अब्ज पौंडांचे भगदाड असल्याचे सांगितले आणि हा भत्ता इंग्लंड-वेल्समध्ये फक्त ‘पेन्शन क्रेडिट’सारखी गरिबांसाठीची मदत घेणाऱ्यांपुरता ठेवला. १० सप्टेंबरला हा निर्णय रद्द करण्याचा विरोधकांचा ठराव ३४८ विरुद्ध २२८ मतांनी पडला. लाभार्थी एक कोटीहून अधिक होते, ते सुमारे १५ लाखांवर आले.

श्रीमंत म्हाताऱ्यांना फुकटचे पैसे कशाला, हा प्रश्न वाजवीच होता. घोळ झाला तो रेषा कुठे ओढली त्यात. त्या वर्षी एकट्या माणसासाठी पेन्शन क्रेडिटची मर्यादा आठवड्याला २१८.१५ पौंड होती, आणि नव्या पद्धतीची पूर्ण सरकारी पेन्शन होती २२१.२०. म्हणजे ज्याच्याकडे सरकारी पेन्शनशिवाय दुसरी दमडी नाही, तोही बहुधा ३.०५ पौंडांनी ‘सधन’ ठरला. वर्षाला सुमारे १५९ पौंड जास्त मिळतात म्हणून २०० पौंड गेले. दुसरीकडे, पेन्शन क्रेडिटला पात्र असूनही ते न घेणारे लाखो वृद्ध होते. कोणाला फॉर्मची धास्ती, कोणाला भीक मागितल्यासारखे वाटते, कोणाला अशी काही सोय आहे हेच माहीत नाही. ही मंडळीही बाहेर पडली. गाजावाजामुळे पेन्शन क्रेडिटचे अर्ज वाढले, म्हणजे वाचवलेल्या पैशांतले काही दुसऱ्या दाराने गेले.

मे २०२५ च्या स्थानिक निवडणुकांत मजूर पक्षाने सपाटून मार खाल्ला. त्याच महिन्यात पंतप्रधान कीर स्टार्मर यांनी फेरविचाराचे सूतोवाच केले आणि ९ जूनला नवी मर्यादा जाहीर झाली : वर्षाला ३५,००० पौंड. आता पैसे पुन्हा सगळ्यांच्या खात्यात जातात आणि ज्यांचे करपात्र उत्पन्न या मर्यादेपुढे आहे त्यांच्याकडून करखाते ते परत वळते करून घेते. नको असेल त्याला आधीच नकार कळवता येतो. इंग्लंड-वेल्समधले सुमारे ९० लाख पेन्शनर यात बसतात. उत्पन्न घराचे नव्हे, माणसाचे धरतात. नवऱ्याचे ३६ हजार आणि बायकोचे ९ हजार असतील तर दोघांना शंभर-शंभर मिळतात; त्याचे शंभर परत जातात, तिचे राहतात. शेजारच्या घरात दोघांचेही प्रत्येकी ३४ हजार असतील तर त्यांचे दोनशेच्या दोनशे शाबूत.

स्कॉटलंडने २०२५ च्या हिवाळ्यासाठी २०३.४० आणि ३०५.१० पौंड असे दर ठेवले. थोडी का होईना, महागाई मोजली.

इतर मदत

हा भत्ता वयावर मिळतो. बाकीच्या मदती बहुतांशी गरिबीवर. सलग सात दिवस सरासरी तापमान शून्य किंवा त्याखाली गेले, किंवा जाईल असा अंदाज असला, तर ठरावीक मदत घेणाऱ्यांना ‘कोल्ड वेदर पेमेंट’चे २५ पौंड मिळतात. प्रत्येक पिनकोड एखाद्या हवामान केंद्राला जोडलेला असतो. केंद्रावर सरासरी अर्धा अंश भरली तर त्या भागात कोणालाच काही मिळत नाही, मग घरात कितीही कुडकुडायला होवो. स्कॉटलंडने २०२३ मध्ये ही तापमानाची भानगडच काढून टाकली आणि ठरलेली रक्कम द्यायला सुरुवात केली. ‘वॉर्म होम डिस्काउंट’मध्ये विजेच्या बिलातून १५० पौंड वजा होतात, तो खर्च कंपन्या सगळ्या ग्राहकांच्या बिलांतूनच वसूल करतात.

युक्रेन युद्धानंतर गॅस भडकला तेव्हा हे सगळे तोकडे पडले. नियामक ‘ऑफजेम’ने ठरवलेली सर्वसाधारण घराच्या वार्षिक बिलाची कमाल पातळी ऑक्टोबर २०२२ मध्ये ३,५४९ पौंडांवर जाणार होती. सरकारने ती २,५०० वर रोखली आणि शिवाय प्रत्येक घराला ४०० पौंड सहा हप्त्यांत दिले. ज्यांचे जुन्या धर्तीचे प्रीपेड मीटर होते त्यांना हे पैसे पोस्टाने किंवा मेसेजने आलेल्या व्हाउचरांतून मिळायचे. व्हाउचर आणि मीटरची किल्ली घेऊन कोपऱ्यावरच्या दुकानात जायचे, किल्लीत पैसे भरून घ्यायचे, घरी येऊन ती मीटरला लावायची. अनेक व्हाउचरे वापरलीच गेली नाहीत. या मीटरची आणखी एक खोड म्हणजे गॅस वापरला नाही तरी रोजचा स्थिर आकार चढत राहतो. उन्हाळाभर हीटिंग बंद ठेवणाऱ्याने थंडीत भरलेल्या पहिल्या दहा पौंडांतले काही आधी त्या थकबाकीत जातात.

घराच्या भिंती-छपरांना इन्सुलेशन करून देणे हा उपाय रोख मदतीपेक्षा टिकाऊ. पण त्याचीही अंमलबजावणी गचाळ निघाली. अलीकडच्या सरकारी योजनांतून बाहेरच्या बाजूने भिंतींना बसवलेल्या इन्सुलेशनपैकी ९८ टक्के ठिकाणी दुरुस्तीची गरज असल्याचे राष्ट्रीय लेखापरीक्षण कार्यालयाने ऑक्टोबर २०२५ मध्ये सांगितले. नीट न बसवलेल्या आवरणाआड पाणी मुरते आणि भिंतीला बुरशी येते. ऊब राहिली बाजूला, खोकला सुरू होतो.

स्थलांतरित आणि परतलेले

ब्रिटनमध्ये मराठी वस्ती जुनी आहे; लंडनचे महाराष्ट्र मंडळ १९३२ सालचे. नोकरीतली उमेदीची वर्षे तिथे घालवून पेन्शनला पोहोचलेल्या आणि तिथेच राहणाऱ्या मराठी माणसाला हा भत्ता इतरांसारखाच मिळतो. ज्यांच्या व्हिसावर ‘सार्वजनिक निधीचा लाभ नाही’ असा शेरा असतो, त्यांना सरकारी मदतीची बहुतेक दारे बंद असतात. आणि जे निवृत्तीनंतर पुण्या-मुंबईला परततात त्यांना भत्ता तर मिळत नाहीच, पण त्यांची ब्रिटिश सरकारी पेन्शनही भारतात राहायला आल्यावर ज्या दराने मिळू लागते त्याच दरावर गोठते. दरवर्षीची वाढ भारतात राहणाऱ्याला लागू होत नाही. पुन्हा ब्रिटनमध्ये मुक्काम हलवला तरच ती चालू दराने मिळू लागते.