फायबर इंटरनेट बंद पडल्यास: आमच्या ग्राहकांसाठी माहितीपत्रक

सन्माननीय ग्राहकांनो,

तक्रार नोंदवूनही माणूस लवकर येत नाही, किंवा येतो आणि घरात काही न करता खांबाखांबाने फिरत राहतो, असा अनुभव आपल्यापैकी अनेकांना आला असेल. तुटलेली फायबर, म्हणजे प्रकाश वाहून नेणारा काचेचा बारीक तंतू, जोडण्यास फार वेळ लागत नाही. वेळ जातो तो ती नेमकी कोठे तुटली आहे हे शोधण्यात. या शोधात आपण फोनवर सांगितलेल्या दोन-चार गोष्टी आमच्या यंत्रांइतक्याच उपयोगी पडतात, म्हणून हे पत्रक आपल्या हाती देत आहोत.

तक्रार करण्यापूर्वी मोडेमवरील दिवे पाहावेत. एकही दिवा लागलेला नसेल तर अडॅप्टर आणि बोर्ड तपासावा, कारण फायबरमधून केवळ प्रकाश येतो, वीज येत नाही. ‘पॉन’ हा दिवा स्थिर हिरवा असेल तर आमचा प्रकाश आपल्या घरापर्यंत व्यवस्थित पोहोचत आहे आणि दोष बहुधा वाय-फायमध्ये किंवा प्लॅनच्या मुदतीत आहे. ‘एलओएस’ या अक्षरांजवळचा दिवा लाल होऊन लुकलुकत असेल, तर मात्र प्रकाश पोहोचत नाही आणि मोडेम बंद-चालू करून काहीही साध्य होणार नाही. अशा वेळी शेजाऱ्यांकडे नेट चालू आहे का, हे विचारून आम्हाला कळवावे. एकाच घराचे बंद असेल तर दोष खांबावरील बॉक्स आणि ते घर यांच्या दरम्यान असतो. सगळ्या गल्लीचे एकदम गेले असेल तर मुख्य केबल पाहावी लागते. जवळपास जेसीबी चालला होता, झाडाच्या फांद्या तोडल्या होत्या किंवा बांधावर पाचट पेटवले होते, असे काही दिसले असल्यास तेही अवश्य सांगावे.

लाल दिवा नाही, पण नेट मधूनमधून तुटते, ही तक्रार आम्हाला सर्वांत अवघड वाटते. आमच्या कार्यालयातून निघालेला प्रकाश स्प्लिटरमध्ये बहुधा ३२ घरांत वाटला जातो आणि या एका वाटणीतच सुमारे १७ डीबी (डेसिबल, प्रकाशातील घट मोजण्याचे एकक) खर्च होतात. त्या तुलनेत केबलच्या एका किलोमीटरमध्ये पाव ते एक तृतीयांश डीबीच जातो. प्रत्येक ३ डीबीला प्रकाश निम्मा होतो, हे लक्षात घेतले म्हणजे घराशी येणारा प्रकाश किती थोडा असतो हे कळेल. प्रकाश मोजणाऱ्या पॉवर मीटरवर उणे १८ ते उणे २२ डीबीएम (प्रकाशाच्या ताकदीचे माप) आले तर आम्ही निश्चिंत असतो, मात्र उणे २७ च्या खाली गेल्यावर मोडेमला संदेश नीट वाचता येत नाही. एका घरी उणे २० असणारा आकडा उणे २८ वर गेला होता. खांबावर सगळे ठीक होते. अखेर कपाट सरकवले, तेव्हा भिंत आणि कपाट यांच्यामध्ये दबून काटकोनात वळलेली फायबरची पिवळी वायर सापडली. काच तुटलेली नव्हती, पण वळणावर प्रकाश बाहेर गळत होता. वायर मोकळी करताच मीटर पुन्हा उणे २० दाखवू लागला. म्हणून ती वायर खिळ्याला गुंडाळू नये, दाराच्या फटीतून ओढू नये आणि तिचे वेटोळे मनगटाच्या बांगडीपेक्षा लहान करू नये.

मुख्य केबल तुटल्यास आम्ही ओटीडीआर लावतो. हे यंत्र प्रकाशाचा एक ठोका आत सोडते आणि परत येणाऱ्या अंधूक प्रकाशाला किती वेळ लागला यावरून अंतर काढते. एक किलोमीटर जाऊन परत येण्यास सुमारे १० मायक्रोसेकंद लागतात. मात्र यंत्र जे अंतर सांगते ते काचेचे असते, रस्त्याचे नव्हे. खांबांवर आणि जॉइंटच्या ठिकाणी जादा केबलची वेटोळी ठेवलेली असतात, त्यामुळे यंत्राने १,८०० मीटर सांगितले तरी रस्त्याने ती जागा बरीच अलीकडे निघते. वेटोळ्यांची जुनी नोंद हाताशी असली तर शोध काही खांबांपुरता उरतो, आणि ही नोंद ठेवण्याचा कंटाळा करणे म्हणजे ग्राहकाला ताटकळत ठेवणे, असे आम्ही मानतो. उसाच्या हंगामात उंच भरलेली ट्रॉली केबल ओढून नेते, तेव्हा ती जेथे अडकली तेथेच तुटते असे नाही. दोन-तीन खांब पलीकडे आवरण शाबूत आणि आतील तंतू तुटलेला, असेही आढळते. पावसाळ्यात जॉइंट बॉक्सचे झाकण सैल राहून आत पाणी शिरते, तो दोष तर हळूहळू वाढत जातो.

जागा सापडली की स्प्लायसिंग, म्हणजे तंतू जोडण्याचे काम, सुरू होते. काचेचा तंतू त्याच्या काचेच्याच बाहेरच्या थरासह धरूनही १२५ मायक्रॉन (मिलिमीटरचा आठवा भाग) जाडीचा असतो आणि प्रकाश जातो तो त्याच्या मधल्या सुमारे ९ मायक्रॉनमधून. वरचा रंगीत लेप काढून तंतू अल्कोहोलने पुसायचा, क्लीव्हरने सरळ कापायचा आणि दोन्ही टोके मशीनमध्ये ठेवायची. पडद्यावर ती समोरासमोर येतात, विजेची ठिणगी पडते आणि काच काचेत वितळून एक होते. नंतर सांध्यावर स्लीव्ह, म्हणजे संरक्षक नळी, चढवून तापवली जाते. एका सांध्यात ०.१ डीबीपेक्षा जास्त गेले तर आम्ही तो कापून पुन्हा करतो. २४ कोअरच्या, म्हणजे २४ तंतूंच्या, केबलमध्ये हे काम २४ वेळा करावे लागते, ते भर उन्हात किंवा शिडीवर असले तरी धूळ आत जाऊ देऊन चालत नाही. सेलोटेप लावून किंवा तांब्याच्या वायरीसारखा पीळ देऊन फायबर जोडली जात नाही. तसा प्रयत्न झालेला असल्यास आम्हाला आणखी मागून कापावे लागते.

मोडेममधून काढलेल्या वायरीच्या टोकाकडे डोळा लावून पाहू नये. त्यातील प्रकाश दिसत नाही, तरीही तो डोळ्यांस अपायकारक ठरू शकतो. हिरव्या टोकाला बोट लावू नये, कारण बोटाचा तेलकट डागही प्रकाश अडवतो. दुरुस्ती चालू असताना लहान मुलांना दूर ठेवावे. कापलेल्या काचेचे तुकडे आम्ही बाटलीत गोळा करतो, पण एखादा निसटून पायात गेला तर तो डोळ्याला दिसतही नाही.

काम संपल्यावर आमचा माणूस मीटरवर आलेला आकडा तारखेसह मोडेमखालच्या चिठ्ठीवर लिहील. त्याने न लिहिल्यास आपण आठवण करून द्यावी आणि ती चिठ्ठी काढू नये. पुढील तक्रारीच्या वेळी सर्वप्रथम तोच आकडा आम्ही आपल्याला फोनवर विचारू.